शंका-समाधान : पायाची जखम आणि कागदावरचा कोड

प्रश्न : हळद काढताना सासऱ्यांच्या उजव्या पायावर कुदळ बसली. टाके पडले, चार दिवस दवाखान्यात होते. त्यांना साखर आहे. डिस्चार्ज कार्डावर 'डायबेटिक फूट, ई११.५' असं लिहून आलंय. विमा कंपनी म्हणते, हा जुना आजार, पॉलिसीला दोनच वर्षं झालीत, क्लेम बसत नाही.
— एक वाचक, भुईंज परिसर

उत्तर : ताई, घोडं त्या कोडापाशीच पेंड खातंय. तुम्ही पाठवलेल्या गठ्ठ्यातला कॅज्युअल्टीचा कागद मी आधी काढला. त्यावर स्वच्छ लिहिलंय : 'शेतात कुदळ लागली, उजव्या पावलाच्या वरच्या बाजूस चार सेंटिमीटर जखम, आत हळद भरलेली.' (वाई तालुक्यात ही हळद भरायची सवय सुटायची नाही. पण टाके घालणाऱ्याला ती आधी कण न् कण धुऊन काढावी लागते, हे घरी सांगा.)

ही अपघाताची उघडी जखम आहे. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-१० वर्गीकरणात तिचा कोड एस९१.३. घोट्याची जखम असती तर एस९१.०, बोटाची असून नख शाबूत असतं तर एस९१.१, नखाला इजा झाली असती तर एस९१.२. जोडीला जखम कशानं झाली याचा कोड हवा : हाताच्या अवजारांसाठी डब्ल्यू२७, आणि शेतात घडलं म्हणून त्यापुढे ७. सासऱ्यांचा मधुमेह लपवायचा नाही. त्यापायी दुसरा काही बिघाड नसेल, तर तो ई११.९ म्हणून खाली येईल.

ई११.५ हे प्रकरण वेगळं. मधुमेहानं पायाचा रक्तपुरवठा बिघडून पडलेला व्रण किंवा गँगरीन त्यात मोडतं. तिथं कुदळीची गरजच नसते. चपलेचा पट्टा घासून फोड येतो आणि पाय बधिर असल्यानं माणसाला पत्ताही लागत नाही. दोन्हीकडं पायाला भोकच दिसतं, पण विमा कंपनीच्या लेखी एक अपघात आणि दुसरा जुन्या आजाराचा परिणाम. आधीपासूनच्या आजारासाठी कंपनी ३६ महिन्यांपर्यंत थांबायला लावू शकते. अपघाताला ही अट नाही. पॉलिसीच्या पहिल्या ३० दिवसांतसुद्धा अपघात चालतो.

आता करायचं ते असं. क्लेम फॉर्मचा 'ब' भाग रुग्णालय भरतं आणि आयसीडी-१० कोडाचे रकाने त्यातच असतात. ज्या डॉक्टरांनी उपचार केले त्यांना कॅज्युअल्टीचा कागद दाखवून निदानाची दुरुस्ती लेखी मागा. ती त्यांनीच करायची, सही-तारखेसह, जुनं खोडून नव्हे तर खाली जोडून. काउंटरवरच्या मुलाला 'कोड तेवढा बदल' म्हणू नका. त्याला तो अधिकार नाही. दुरुस्त कागद कंपनीच्या तक्रार विभागाला द्या. महिन्याभरात दाद लागली नाही तर पुण्यात विमा लोकपालांचं कार्यालय आहे, तिथं अर्जाला फी नाही.

एक मात्र आधीच विचारून ठेवतो. कुदळ लागण्यापूर्वी त्याच पायाला व्रण होता का? असेल तर तो झाकायला जाऊ नका. कंपनी जुने केसपेपर मागवते, आणि मग खऱ्या अपघातावरही विश्वास बसत नाही.

प्रश्न : मी बीएस्सी करून पुण्यात मेडिकल कोडिंग शिकतेय. डब्ल्यूएचओच्या पुस्तकात एस९१.३ वर कोड संपतो, आमच्या क्लासमध्ये मात्र एस९१.३११ए शिकवतात. खरं कुठलं?
— एक विद्यार्थिनी, वाई

उत्तर : दोन्ही. क्लासमधली अमेरिकेची सुधारित आवृत्ती आहे, १ ऑक्टोबर २०१५ पासून तिथं लागू झालेली, आणि तुला काम मिळेल ते बहुधा तिथल्याच बिलांचं. शेवटच्या '११' मधला पहिला आकडा फाटलेली, आत काही न अडकलेली जखम सांगतो, दुसरा उजवा पाय. डावा असता तर २. परीक्षेत मुलं गडबडतात ती 'ए'वर. 'ए' म्हणजे पहिली भेट नव्हे, जखमेवर प्रत्यक्ष इलाज चालू असण्याचा काळ. जखम भरू लागल्यावर टाके काढायला आला की 'डी', आणि पुढं कायमचा व्रणखुणेचा त्रास राहिला तर 'एस'. आणखी एक : जखम लवकर भरत नाही एवढ्यावरून तिला ई११.६२१, म्हणजे मधुमेही पायव्रण, लावू नकोस. तसं डॉक्टरांनी लिहिलेलं असलं पाहिजे. आपण निदान करत नाही.

प्रश्न : भातखाचरात पायाला साप चावला तर तीही पायाची उघडी जखमच ना?
— एक आरोग्यसेवक, वाईचा पश्चिम भाग

उत्तर : कुत्रा चावला तर होय. विषारी साप असेल तर नाही. विष हेच मुख्य निदान, टी६३.०, आणि कारणाला एक्स२०. कोड नंतर बघू, आधी गाडी काढा.

प्रश्न : ओपीडीत गर्दी असते. हे सगळे कोड आम्ही कधी पाठ करायचे?
— एक डॉक्टर, वाई

उत्तर : करूच नका, डॉक्टरसाहेब. ते आमचं काम. तुम्ही फक्त 'फूट वूंड' असं दोन शब्दांत उरकू नका, कारण त्या दोन शब्दांतून कुदळही निघते आणि मधुमेहही. कुठला पाय, नेमकी जागा, नख गेलं का, कशानं लागलं, कुठं लागलं, आत काही अडकलं होतं का, आधीपासून जखम होती का, एवढं पहिल्याच कागदावर आलं की झालं. पू झाला तर तो कोणत्या दिवशी दिसला तेही लिहा, त्याचा कोड वेगळा असतो. आणि त्या कागदाची एक झेरॉक्स रुग्णाच्या हाती द्या.