टूलरूम घेतलीस, आता माणसं

अगं, सह्या झाल्या म्हणजे मशिनं आणि जागा तुझी झाली. भोसरीच्या टूलरूममधली माणसं अजून जुन्या शेठचीच आहेत, आणि काही महिने तशीच राहणार. त्याचा राग धरू नकोस.

पहिल्याच आठवड्यात नवे टी-शर्ट, ओळखीचा कार्यक्रम, केक असलं काही काढू नकोस. पगार कधी होणार, साहेब कोण आणि आमची जुनी नोकरी धरणार की नाही, एवढंच त्यांच्या डोक्यात असतं. शेवटच्या प्रश्नाचं उत्तर लेखी दे. ग्रॅच्युइटी दर वर्षामागे १५ दिवसांच्या पगाराने बसते. लेथवर वीस वर्षं उभ्या राहिलेल्या माणसाचा हा हिशेब तोंडपाठ असतो.

मग उचल. जुने शेठ ड्रॉवर उघडून द्यायचे: पोरीची फी, गावाकडचं आजारपण. वहीत नोंद, पगारातून हप्ता, संपलं. तुझ्या चाकणच्या प्लांटमध्ये त्याला फॉर्म लागतो आणि तीन सह्या. ‘पॉलिसीत बसत नाही’ म्हणून ती वही बंद केलीस, तर त्या दिवसापासून तू परकी. रकमेला मर्यादा घाल हवी तर, पण होकार-नकार तिथल्याच माणसाने तासाभरात द्यावा.

डिस्नेने २००६ मध्ये ७.४ अब्ज डॉलरना पिक्सार घेतली, तेव्हा पिक्सारमधलं काय काय बदलायचं नाही याची लेखी यादीच ठरली होती. टाटा मोटर्सने २००४ मध्ये कोरियातला देवूचा ट्रकांचा धंदा घेतला, तरी कंपनीच्या नावात देवू ठेवलं. एवढ्या मोठ्यांना जमलं ते तुला अवघड नाही. अशी यादी तू आपणहून माग. त्यात बहुतेक फुटकळ गोष्टी निघतील. खंडेनवमीला मशिनांना झेंडू वाहून पूजा तिथला जुना फोरमन करतो ना? यंदाही त्यालाच करू दे. तू समोर बस, आणि भाषण नको.

पण सगळेच लाड नकोत. गॉगल न घालता ग्राइंडरवर बसायची सवय पहिल्याच दिवशी मोड. तिथे कोणाचं मन राखायचं नाही.

शिवाय तिथलं काही इकडे आण. डाय बिघडली की ती मंडळी टेबलाभोवती जमतात आणि दुपारपर्यंत निकाल लावतात. तुमच्याकडे तेवढ्यात नुसत्या मेल फिरतात. चाकणची दोन पोरं महिनाभर तिकडे पाठव, आणि शिकायला पाठवतेय असं सगळ्यांसमोर सांग. शिकवायला गेली तर कोणी चहालाही विचारणार नाही.

आणि तिथला पगार ७ तारखेला होतो, तो ७ लाच होऊ दे. पहिल्याच महिन्यात बँकेच्या घोळाने ९ तारीख उजाडली, तर बाकीचं सगळं करूनही कोणी तुझं ऐकणार नाही.