दुकानाचा प्रोग्राम आणि त्याची कीर्द

आपल्यापैकी अनेकांनी बिले व मालसाठ्यासाठी स्वतःचा प्रोग्राम लिहून घेतला आहे. पैसे मोजले, काम सुरू झाले, की आपण निर्धास्त होतो. परंतु त्या प्रोग्रामचा मूळ मजकूर, ज्याला सोर्स कोड म्हणतात, तो कोणाच्या ताब्यात आहे? कालच्या आणि आजच्या मजकुरात काय फरक पडला? बहुतेक व्यापारी बंधूंना हे सांगता येणार नाही. मलाही येत नव्हते.

२२ सप्टेंबर २०२५ पासून तयार कपड्यांवरील जीएसटीचे दर बदलले. पूर्वी नगाला १,००० रुपयांपर्यंत ५ टक्के व त्यापुढे १२ टक्के होते. नव्या दराने २,५०० रुपयांपर्यंत ५ व त्यापुढे १८ टक्के झाले. आमच्या प्रोग्रामरने दुकानातल्या चालू संगणकावरच दर बदलून दिले. नवी बिले बरोबर निघू लागली. ऑक्टोबरात मात्र ऑगस्टमध्ये विकलेला १,४०० रुपयांचा कुर्ता परत आला. विक्री १२ टक्क्यांनी झालेली, आणि क्रेडिट नोट निघाली ५ टक्क्यांची! जुना कोड पाहावा तर तो पुसला गेलेला. संगणकात ‘फायनल’, ‘फायनल नवीन’ आणि ‘फायनल खरे’ अशी तीन फोल्डरे होती. त्यांतले खरे कोणते, हे त्या मुलालाही आठवेना. नऊ दिवस आम्ही क्रेडिट नोटा हाताने लिहिल्या.

यावरचा उपाय जुनाच आहे. त्याला व्हर्जन कंट्रोल म्हणतात, आणि ज्याने कीर्द लिहिली आहे त्याला तो समजायला वेळ लागत नाही. कीर्दीत खाडाखोड करीत नाहीत. चुकीची रक्कम पडली तर उलट नोंद करतात. चूकही दिसते, दुरुस्तीही दिसते. इथे कोडमधला प्रत्येक बदल तारीख, बदल करणाऱ्याचे नाव आणि कारण यांसह नोंदला जातो. त्या नोंदीला कमिट म्हणतात आणि सर्व नोंदी ज्या कोठीत राहतात तिला रिपॉझिटरी. उलट नोंदीसाठी ‘रिव्हर्ट’ अशी आज्ञाच आहे.

आज सर्वत्र चालणारे साधन म्हणजे गिट. लिनक्सचे जनक लिनस टॉरवाल्ड्स यांनी ते एप्रिल २००५ मध्ये लिहायला घेतले. लिनक्सचे काम तोवर बिटकीपर नावाच्या एका कंपनीच्या साधनावर चाले. त्याची फुकट वापराची सवलत त्या वर्षी काढून घेण्यात आली. परक्याच्या मर्जीवर आपली चोपडी ठेवली की असे होते! गिटमध्ये प्रत्येक प्रतीत संपूर्ण इतिहास असतो. शिवाय प्रत्येक कमिटमध्ये मागच्या कमिटची खूण गुंफलेली असते, जशी पानाच्या माथ्यावर मागील बाकी. मागचे एक अक्षर बदलले तरी पुढच्या साऱ्या खुणा बदलतात.

सुरुवात सोपी आहे. प्रोग्रामच्या फोल्डरमध्ये ‘गिट इनिट’ ही आज्ञा दिली की रिपॉझिटरी तयार. ‘गिट ॲड’ने बदल निवडायचे, ‘गिट कमिट’ने नोंदायचे, ‘गिट लॉग’ने इतिहास वाचायचा. कमिटचे कारण मराठीत किंवा उर्दूतही लिहिता येते. माझे शिक्षण उर्दू माध्यमातले, त्यामुळे मी हा आग्रहच धरला. आता लॉग मी स्वतः वाचतो. ‘दुरुस्ती केली’ अशी नोंद मी चालवून घेत नाही. कुठली दुरुस्ती, कशासाठी, ते लिहायचे. नवे काम मुख्य मजकुरावर न करता वेगळ्या शाखेत, म्हणजे ब्रँचमध्ये करायचे आणि चाचणीनंतरच मुख्य शाखेत मिळवायचे. आमचे दर त्या रात्री असे बदलले असते तर जुना नियम शाबूत राहिला असता.

दुसरी प्रत गिटहब किंवा गिटलॅबवर ठेवावी. खाजगी रिपॉझिटरी तिथे विनामूल्य मिळते. मात्र खाते मालकाच्या नावाचे आणि मालकाच्या ईमेलचे असावे, प्रोग्रामरला त्यात फक्त सहकारी म्हणून घ्यावे. तो काम सोडून गेला की त्याचा प्रवेश बंद करता येतो. संकोच वाटण्याचे कारण नाही. तिजोरीची किल्ली आपण नोकराच्या घरी ठेवत नाही. इतिहास जबरदस्तीने पुसून नवा लिहिणेही गिटमध्ये शक्य आहे, म्हणून मुख्य शाखा संरक्षित करून घ्यावी. गिटलॅबच्या विनामूल्य खात्यात ही सोय आहे. गिटहबवर खाजगी रिपॉझिटरीसाठी तिचे पैसे पडतात.

पासवर्ड आणि गिऱ्हाइकांची माहिती कोठीत जाऊ देऊ नये. अशा फायलींची नावे ‘डॉट गिटइग्नोर’ या फाईलमध्ये आधीच लिहितात. चुकून पासवर्ड गेलाच, तर फाईल काढून भागत नाही, कारण तो इतिहासात राहतो. पासवर्डच बदलावा लागतो. बिलांच्या डेटाबेसचा बॅकअपही वेगळा घ्यावा, गिट ते काम करीत नाही.

नव्या प्रोग्रामरशी करार करताना मी एक अट घातली आहे. शेवटचा हप्ता देण्याआधी, दुकानात नसलेल्या एका कोऱ्या संगणकावर माझ्या खात्यातून ‘गिट क्लोन’ करायचे, प्रोग्राम उभा करायचा आणि त्याच्यावर एक बिल व एक क्रेडिट नोट माझ्यासमोर काढून दाखवायची.