रायगडावरील जगदीश्वराची पायरी
(इयत्ता चौथी)

दिवाळीत मी आणि आळीतल्या पोरांनी अंगणात किल्ला केला. तो खरा नव्हता, आमच्या मनातला होता. त्याचे नाव ढगगड. त्या मुलखात ढगावरून येजा करणारे लोक राहतात आणि गडाच्या शेंड्यावर त्यांच्या देवाचे सोन्याचे देऊळ आहे, असे आम्ही ठरवले होते. देवळात फक्त राजाने जायचे. माझे वडील गवंडीकाम करतात. ते संध्याकाळी कामावरून आले, किल्ला पाहिला आणि म्हणाले, "झकास झालाय. पण देऊळ बांधलं कुणी?"

मी म्हणालो, "राजानं."

ते हसले. "राजा गारा कालवत होता व्हय?" असे म्हणून हातपाय धुवायला गेले. मला त्याचे उत्तर देता आले नाही.

पुढे जानेवारीत शाळेची सहल रायगडला गेली. तेथे मला उत्तर मिळाले, म्हणून हा लेख लिहीत आहे.

आपण चौथीच्या पुस्तकात शिवछत्रपतींचा इतिहास शिकतो. रायगडाचे जुने नाव रायरी. 1656 साली महाराजांनी तो जावळीच्या मोऱ्यांकडून घेतला आणि पुढे राजधानी केली. 6 जून 1674 रोजी तेथे राज्याभिषेक झाला. 2025 साली युनेस्कोने मराठ्यांचे 12 किल्ले जागतिक वारसा यादीत घेतले, त्यात रायगड आहे. वर जायला पाळणा आहे, पण गुरुजी म्हणाले, मावळे पाळण्यात बसून गेले नव्हते. मी पायऱ्या मोजत होतो. सहाशेच्या पुढे एक मुलगी पाणी मागायला आली आणि माझा आकडा चुकला.

महादरवाजा लई मोठा आहे. दोन बुरुजांच्या मध्ये तो असा लपला आहे की जवळ गेल्याशिवाय दिसत नाही. वर गंगासागर तलाव आहे. माझ्या मनात शंका होती, एवढा दगड डोंगरावर नेला कसा? गुरुजींनी सांगितले, खालून फार न्यावा लागला नाही. तलाव खोदताना जो दगड निघाला तोच बांधकामाला लागला. म्हणजे एका कामात पाणीही मिळाले आणि भिंतीही झाल्या. ही युक्ती मला सर्वांत आवडली.

राजवाड्याची आता नुसती जोती आहेत. बाजारपेठेचीही दोन ओळींत जोतीच आहेत. 1818 साली इंग्रजांनी तोफा डागल्या, तेव्हा आग लागून वाडे जळाले. पण बाजारपेठेच्या पुढे गेलो तर जगदीश्वराचे देऊळ अजून उभे! मी गुरुजींना विचारले, हेच कसे राहिले? ते म्हणाले, वाड्यांचे वरचे काम लाकडाचे होते, देऊळ दगडाचे आहे.

देवळाभोवती तट आहे. समोर नंदी आहे, मंडपात जमिनीवर दगडी कासव आहे, आत महादेवाची पिंड आहे. देवळात गारवा होता. पूर्वेच्या दरवाजाबाहेर महाराजांची समाधी आहे. तेथे आम्ही सर्वजण चपला काढून उभे राहिलो. एरवी आमच्या वर्गाला गप्प करायला पट्टी लागते, पण तेव्हा कोणी बोलले नाही.

मग गुरुजींनी आम्हांला एका पायरीपाशी बोलावले. पायरीवर अक्षरे कोरलेली होती. आम्हांला ती नीट लागली नाहीत, तेव्हा गुरुजींनी वाचून अर्थ सांगितला. सेवेसाठी तत्पर असलेला हिरोजी इंदुलकर, असा तो अर्थ आहे. महाराजांच्या आज्ञेने ज्यांनी गडाचे बांधकाम केले ते हे हिरोजी. देवळाच्या भिंतीतही संस्कृत शिलालेख आहे. त्यात विहिरी, तळी, बागा, रस्ते, हत्तीशाळा, वाडे हे सर्व हिरोजींनी बांधले आणि चंद्रसूर्य असेपर्यंत ते राहो, असे लिहिले आहे. वाडे राहिले नाहीत, पण लेख राहिला.

याची एक गोष्ट सांगतात. महाराजांनी हिरोजींना विचारले, काय बक्षीस पाहिजे? ते म्हणाले, धन नको, देवळाच्या पायरीवर माझे नाव कोरू द्या. महाराज दर्शनाला येतील तेव्हा त्यांच्या पायाची धूळ नावावर पडेल. ही गोष्ट ऐकताना मी बाजूला सरकलो, कारण माझा पाय पायरीवर होता. नंतर वाटले, पायरीच ती, पाय पडायचाच.

आमच्या गावातल्या देवळावर देणगीदारांची नावे रंगवली आहेत. पंखा देणाऱ्याचेसुद्धा आहे. वडिलांनी त्या देवळाचा ओटा बांधला. त्यांचे नाव नाही. मी तिकडे कधी पाहिलेच नव्हते.

घरी आल्यावर मी वडिलांना सगळे सांगितले. त्यांनी आधी विचारले, "पायरी झिजली का?" मी म्हणालो, "अक्षरं अजून दिसत्यात." ते बराच वेळ तंबाखू मळत बसले. मग मी म्हणालो, "तुम्ही पण ओट्यावर नाव घाला की." ते म्हणाले, "छ्या! ओटा गावाचा. नाव टाकून कशाला खराब करायचा?"

पण त्याच आठवड्यात त्यांनी आमच्या न्हाणीची पायरी केली. सिमेंट ओले होते. त्यांनी मला हाक मारली आणि हातात खिळा दिला. मी त्यांचे नाव लिहिले. वेलांटी पहिली काढायची होती, मी दुसरी काढली. आईने ती दुसऱ्या दिवशी पाहिली, तोवर सिमेंट वाळले होते.