चाल, वेग आणि त्वरण : गतिसंवेदकापुढील एक पाठ

पदार्थविज्ञानाच्या अभ्यासक्रमात गतीचे प्रकरण अगदी आरंभी येते. ते सोपे समजले जाते आणि बहुतेक विद्यार्थी त्यात गुणही बरे मिळवितात. तरीही पुढे बल आणि ऊर्जा शिकताना जी अडखळ होते, तिचे मूळ पुष्कळदा याच प्रकरणात सापडते. सूत्रे तोंडपाठ असतात. पण वेग म्हणजे काय आणि त्वरण म्हणजे काय, याचा प्रत्यय मुलास आलेला नसतो. ही उणीव भरून काढण्यास आज एक लहानसे साधन सहज मिळते. त्यास आम्ही येथे गतिसंवेदक म्हणतो. बाजारात ते मोशन सेन्सर या नावाने विकले जाते. ते कसे चालते आणि वर्गात त्याचा उपयोग कसा करावा, एवढाच या लेखाचा विषय आहे.

मराठी मुलांच्या बाबतीत अडचणीचा आरंभ शब्दांपासूनच होतो. रोजच्या बोलण्यात आपण ‘वेग’ आणि ‘चाल’ यांत भेद करीत नाही. शास्त्रात मात्र चालीला दिशा नसते, वेगाला असते. म्हणून वेग उणा असू शकतो, चाल कधीच उणी नसते. ‘त्वरण’ या शब्दाची गोष्ट याहून अवघड. त्वरा म्हणजे घाई, हे मुलास ठाऊक असते. म्हणून त्वरण म्हणजे फार जलद जाणे असे ते धरून चालते. वास्तविक एकसारख्या गतीने धावणाऱ्या आगगाडीला त्वरा पुष्कळ असते, पण त्वरण मुळीच नसते. आणि फलाटावरून नुकतीच हललेल्या गाडीची चाल अगदी थोडी असते, पण त्वरण असते. व्याख्या घोकून हा भेद मनात ठसत नाही. तो डोळ्यांनी पाहावा लागतो.

गती डोळ्यांस दिसते, पण मोजता येत नाही, ही अडचण जुनीच आहे. गॅलिलिओने वस्तू सरळ खाली पाडण्याऐवजी गुळगुळीत उतरणीवरून गोळा सोडला, म्हणजे गती मंदावली. आणि भांड्यातून बारीक धारेने पडणारे पाणी तोलून काळ मोजला. समान कालखंडांत कापलेली अंतरे १, ३, ५, ७ या प्रमाणात वाढतात, हा त्याचा निष्कर्ष १६३८ साली प्रसिद्ध झालेल्या ग्रंथात आहे. पुढे शाळांतून टिकर टायमर आला. गाडीमागे ओढल्या जाणाऱ्या कागदी फितीवर तो सेकंदाला ५० ठिपके उमटवितो. साधन उत्तम, परंतु ठिपके मोजून, अंतरे मांडून आलेख काढीपर्यंत तास संपतो आणि गाडी कशी धावली हे मूल विसरून गेलेले असते.

गतिसंवेदक हे काम त्याच क्षणी करतो. त्याची रीत वटवाघळाची आहे. त्यातून सेकंदाला सुमारे ४०,००० कंपने असलेला ध्वनी निघतो. आपल्या कानास साधारण २०,००० कंपनांपलीकडचे ऐकू येत नाही, म्हणून हा श्राव्यातीत ध्वनी होय. तो समोरच्या वस्तूवर आदळून परत येतो. जाण्यायेण्यास लागलेल्या काळाला ध्वनीच्या वेगाने गुणून निम्मे केले, की वस्तूचे अंतर मिळते. २० अंश सेल्सिअस तापमानास हवेत ध्वनीचा वेग सेकंदाला सुमारे ३४३ मीटर असतो; म्हणजे २ मीटरवरील मुलापासून प्रतिध्वनी परतण्यास एका सेकंदाचा सुमारे ८६ वा भाग लागतो. असे मोजमाप सेकंदातून अनेक वेळा होते आणि संगणक त्याचा आलेख जागच्या जागी काढीत जातो. पोलरॉइड कंपनीने १९७८ साली बाजारात आणलेल्या कॅमेऱ्यात अंतर जुळविण्यासाठी असेच साधन होते. शाळांसाठीचे आरंभीचे संवेदक त्यावरूनच तयार झाले.

आता प्रत्यक्ष पाठ पाहू.

पहिला प्रयोग. संवेदक टेबलावर कमरेच्या उंचीला ठेवून पुढे चार मीटर जागा मोकळी करावी. शिक्षकांनी सांगावे : एक मुलगा एक मीटरवर पाच सेकंद उभा राहील, मग सावकाश, एकसारखा चालत चार सेकंदांत तीन मीटरच्या खुणेपर्यंत जाईल, तेथे पाच सेकंद थांबेल, आणि दोन सेकंदांत पहिल्या जागी परतेल. याचा अंतर–काल आलेख प्रत्येकाने आधी वहीत पेन्सिलीने काढावा. वह्या पाहिल्या की शिकविण्याचे खरे काम कोठे आहे ते समजते. कोणी उभे राहण्याचा नुसता ठिपका काढतो. कोणी परतीची रेषा डावीकडे वळवितो, जणू मुलाबरोबर काळही मागे फिरला. कोणी टेकडीचे चित्र काढतो. यानंतर मुलाने चालून दाखवावे. पडद्यावर आडवी रेषा, मंद चढ, पुन्हा आडवी रेषा आणि मग तीव्र उतार उमटतो. आलेख हे वाटेचे चित्र नव्हे, आणि वेग रेषेच्या उंचीत नसून तिच्या चढात असतो, हे सर्वांस एकदमच दिसते. जाताना वेग सेकंदाला ०.५ मीटर, येताना उणे १ मीटर. उणा वेग म्हणजे थांबण्याहून कमी काही नव्हे, तर उलट दिशेने जाणे, हे येथे निराळे सांगावे लागत नाही.

दुसरा प्रयोग याच्या उलट. शिक्षकांनी फळ्यावर आलेख काढावा आणि मुलाने तसे चालून दाखवावे. त्यात एक सरळ उभी रेषा मुद्दाम घालावी. ती कोणासच चालता येणार नाही. कारण मुळीच काळ न लागता जागा बदलणे शक्य नाही. हे कारण मुलांनीच शोधून काढावे.

तिसरा प्रयोग त्वरणाचा. दोन मीटर लांबीच्या फळीचे एक टोक १० सेंटिमीटर उचलावे आणि संवेदक खालच्या टोकाशी ठेवावा. हलक्या चाकांची गाडी वर ढकलून सोडून द्यावी. घर्षण नगण्य धरले, तर उतरणीवरील त्वरण ९.८ चा विसावा भाग, म्हणजे सेकंदाच्या वर्गास ०.४९ मीटर येते. गाडी सेकंदाला ०.९८ मीटर वेगाने निघाली, तर २ सेकंदांत ०.९८ मीटर चढून क्षणभर थांबते आणि पुढच्या २ सेकंदांत मूळ जागी येते. आता वर्गास विचारावे : अगदी वरच्या बिंदूस त्वरण किती? ‘शून्य’ हेच उत्तर बहुधा येईल. पडद्यावरील वेगाची रेषा मात्र न वाकता, सरळ शून्याखाली उतरत जाते. वेग शून्य झाला, पण वेगाचे बदलणे थांबले नाही. आणि बदलण्याचा हा दर म्हणजेच त्वरण. प्रत्यक्षात घर्षणामुळे वर जातानाची रेषा येतानाच्या रेषेहून किंचित अधिक तीव्र दिसते. तो दोष लपवू नये; त्यावर आणखी एक पाठ घेता येतो.

या पद्धतीची परीक्षाही झालेली आहे. अमेरिकेतील थॉर्नटन आणि सोकोलॉफ यांनी १९९० साली प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात, नेहमीच्या व्याख्यानांनंतरही वेग–त्वरणाच्या साध्या प्रश्नांत चुकणारे पुष्कळ विद्यार्थी आढळले. अशा प्रयोगांनंतर त्या चुका बऱ्याच कमी झाल्या. हीदर ब्रॅसेल यांच्या १९८७ सालच्या अभ्यासातील निष्कर्ष अधिक उद्बोधक आहे. चालणे झाल्यावर आलेख थोडा उशिरा, सुमारे अर्ध्या मिनिटाने दाखविला, तर लाभ बहुतेक नाहीसा होतो. पाय आणि रेषा एकाच वेळी हलल्या पाहिजेत, हे त्याचे सार.

काही सावधगिरी हवी. ध्वनीचा झोत पुढे पसरतो. आजूबाजूची खुर्ची त्यात आल्यास तिचेच अंतर नोंदले जाते. सैल, मऊ कपड्यावरून प्रतिध्वनी क्षीण येतो. चालणाऱ्याने छातीशी पुठ्ठा धरावा. उन्हाळ्यात हवा ४० अंशांवर गेली, की ध्वनीचा वेग सुमारे ३५५ मीटर होतो. संगणक ३४३ धरूनच चालला, तर २ मीटरचे अंतर सुमारे १.९३ भरते. भ्रमणध्वनीतील त्वरणमापक हे निराळे साधन आहे. तो अंतर मोजीत नाही, आणि टेबलावर स्वस्थ पडलेला असतानाही सुमारे ९.८ दाखवितो. जर्मनीतील आखेन येथील विद्यापीठाने २०१६ साली काढलेल्या ‘फायफॉक्स’ या विनामूल्य कार्यक्रमाने त्याचेही प्रयोग करता येतात. आपल्या देशात नवी दिल्ली येथील आंतरविद्यापीठ त्वरक केंद्राने शाळा-महाविद्यालयांसाठी ‘एक्स्पआइज’ हे अल्पमोली उपकरण तयार केले असून त्यास श्राव्यातीत संवेदक जोडता येतो.

महाराष्ट्राबाहेरील आपल्या शाळांस या साधनाचे महत्त्व अधिक आहे, असे आम्हांस वाटते. बेळगावसारख्या ठिकाणी मराठीतून दहावी झालेले मूल महाविद्यालयात एकदम इंग्रजीपुढे उभे राहते. त्याने केवळ शब्द पाठ केले असतील, तर भाषा बदलताच ती शिदोरी संपते. पण ज्याने स्वतः चालून रेषा उमटविली, त्याला नवीन शब्द तेवढा शिकावा लागतो. अर्थ त्याच्यापाशी असतोच.

देणगीदार आणि विश्वस्त मंडळींस एवढेच सुचवावेसे वाटते की, साधन घेताना ते कोणत्या तासाला, कोणत्या इयत्तेस आणि कोण वापरणार हे आधी ठरवावे. चाळीस मुलांच्या वर्गास एक संवेदक पुरतो, जर प्रत्येकाच्या हाती वही-पेन्सिल असेल आणि चालण्याची पाळी प्रत्येकावर येत असेल. कपाटात कुलूपबंद राहिलेले उपकरण पाहुण्यांस दाखविण्यापुरतेच उपयोगी पडते. ज्याची पेटी वापरून झिजली, तेच शाळेला दिलेले खरे दान.