गाडीचं पोट आणि आपले स्पीडब्रेकर

सेकंडहँड सेडान घेतली की पहिल्याच आठवड्यात एक आवाज ओळखीचा होतो. 'खर्रर्र'! पुढची चाकं स्पीडब्रेकर उतरून गेलेली, मागची अजून चढायची, आणि मधे गाडीचं पोट सिमेंटवर. मग मागच्या सीटवरचे तिघे निमूटपणे खाली उतरतात, रिकामी गाडी तिरकी काढली जाते आणि मंडळी पुन्हा आत बसतात. आपल्या छत्रपती संभाजीनगरात (घरचे अजूनही औरंगाबादच म्हणतात) हे दृश्य बीड बायपासच्या आतल्या कॉलन्यांत कधीही बघायला मिळेल.

आपल्याकडे अशा गाड्या जास्त दिसायला एक कारणही आहे. शेंद्रा एमआयडीसीत स्कोडाने २००१ साली ऑक्टाव्हिया जोडायला सुरुवात केली. त्या काळात ती साहेब लोकांची गाडी होती. आता तीच गाडी तिसऱ्या-चौथ्या मालकाकडे फिरते, आणि एखाद्याच्या काकांची म्हणून आपल्या होस्टेलच्या पार्किंगमध्येही येऊन उभी राहते. ती आली की प्रश्न ठरलेला: "याची हाईट वाढवून मिळते का रे?" मिळते. थोडी मिळते, आणि कुठल्या क्रमाने काय करायचं हे कळलं तर सुरक्षितपणे मिळते.

आधी हे समजून घेऊ की मोजायचं काय. ग्राउंड क्लिअरन्स म्हणजे गाडीच्या खालच्या सर्वांत लोंबत्या भागाचं जमिनीपासूनचं अंतर, असं आपण म्हणतो. पण चाकाजवळचा लोअर आर्म किंवा ब्रेकचा भाग चाकाच्या बरोबरीनेच वर-खाली होतो, तो मोजून उपयोग काय? म्हणून आयएसओ ६१२ या स्टँडर्डमध्ये गाडीचा मधला भागच धरतात. एका एक्सलवरच्या दोन चाकांच्या आतल्या कडांमधलं जे अंतर, त्याचा मधला ८० टक्के पट्टा. या पट्ट्यात सेडानमध्ये साधारण तीन गोष्टी खाली येतात: इंजिनाखालचं ऑइल चेंबर (पुस्तकातला सम्प), सायलेन्सरचा पाइप, आणि पुढच्या सस्पेन्शनचा आडवा सबफ्रेम.

दुसरी गोष्ट म्हणजे ब्रोशरमधला आकडा. होंडा सिटीची चौथी पिढी १६५ मिमी, २०१७ ची डिझायर १६३, स्लाव्हिया १७९, हे सगळे आकडे रिकाम्या गाडीचे. आपण मात्र गाडी कधी रिकामी नेतो? मागच्या दोन स्प्रिंगा मिळून समजा ४० न्यूटनला १ मिमी दबतात. मागे तिघे बसले, डिकीत बॅगा, एकूण २०० किलो, त्यातलं दीडशे किलो मागच्या एक्सलवर आलं, म्हणजे सुमारे १४७० न्यूटन. भागाकार करा, मागची बाजू जवळजवळ ३७ मिमी खाली! स्पीडब्रेकरला ब्रोशर दाखवून भागत नाही.

मोजायची पद्धत अशी. सपाट फरशी शोधा. सपाट आहे की नाही हे गवंडी लोकांच्या पारदर्शक पाण्याच्या नळीने पाच मिनिटांत कळतं. हवा दरवाज्याच्या खांबावरच्या स्टिकरप्रमाणे भरा, टायर गार असताना. पेट्रोल-डिझेल किती आहे ते लिहून ठेवा. गाडी दोन मीटर मागे-पुढे ढकला, चारही कोपरे दाबून सोडा, कारण जॅकवरून नुकतीच उतरवलेली गाडी खोटी उंची दाखवते. हँडब्रेक न ओढता चाकाला लाकडी ओट लावा. मग प्रथम वर्षाच्या वर्कशॉपमध्ये आपण कुरकुर करत केलेला जॉब आठवा आणि प्लायवूडचे तीन ठोकळे कापून घ्या: १२०, १३५ आणि १५० मिमी. जो ठोकळा पोटाखालून आडवा सरकतो तो पास, अडकतो तो फेल. गो-गेज, नो-गो-गेज, मेट्रॉलॉजीच्या सरांना आवडेल असं. गाडीखाली डोकं घालून मोजपट्टी वाकडी-तिकडी धरण्यापेक्षा हे जास्त खरं उत्तर देतं.

याच वेळी अजून चार मापं घ्या, आणि माझ्या मते हीच जास्त कामाची आहेत. प्रत्येक चाकाच्या मध्यापासून वर मडगार्डच्या कडेपर्यंतचं अंतर. यात टायरचा काही संबंध येत नाही, त्यामुळे सस्पेन्शनची खरी हालत कळते. डाव्या-उजव्यात १०-१५ मिमी फरक निघाला तर एक स्प्रिंग बसलेली आहे किंवा तुटलेली आहे. स्प्रिंगचं शेवटचं वेटोळं तुटून कपात बसून राहतं, गाडी चालत राहते आणि कोणाला पत्ताच लागत नाही. हे सगळं एकदा रिकाम्या गाडीवर आणि एकदा पाच जण बसवून करा. होस्टेलमध्ये पाच जण मिळायला अडचण नाही, चहा पाजावा लागेल एवढंच.

आता स्पीडब्रेकरकडे वळू, कारण सगळा दोष गाडीचा नाही. इंडियन रोड्स काँग्रेसच्या आयआरसी ९९ मध्ये गोल हंपचं माप दिलं आहे: ताशी २५ किमी वेगासाठी त्रिज्या १७ मीटर, रुंदी ३.७ मीटर, उंची १० सेंमी. जिओमेट्रीत आपण शिकलोच की वर्तुळाच्या जीवेच्या मध्यावर कमानीची उंची = जीवेचा वर्ग ÷ (८ × त्रिज्या). रुंदी ३.७ टाका, १३.६९ ÷ १३६, उत्तर बरोबर ०.१० मीटर. आता जीवेच्या जागी गाडीचा व्हीलबेस टाका. पहिल्या ऑक्टाव्हियाचा व्हीलबेस २५१२ मिमी. ६.३१ ÷ १३६ म्हणजे ०.०४६ मीटर. दोन्ही चाकं हंपवर असताना पोटाखाली हंप वर येतो फक्त ४६ मिमी! गाडीत पाच माणसं काय, त्यांचं सामान घातलं तरी अशा हंपवर शांतपणे गेलात तर घासायचं कारण नाही.

मग घासते कशी? कारण आपल्या कॉलनीतला हंप १७ मीटर त्रिज्येचा नसतो. उरलेलं काँक्रीट, दोन घमेली, आणि एखादा उत्साही शेजारी! मी मोजपट्टीने मोजलेला असाच एक हंप ७० सेंमी रुंद आणि १३ सेंमी उंच निघाला. हा हंप व्हीलबेसच्या पोटात पूर्ण मावतो. चारही चाकं सपाट रस्त्यावर आणि मधे १३० मिमीचा उंचवटा. म्हणजे उंची फक्त ३ सेंमीने जास्त, पण गाडीला लागणारा क्लिअरन्स ४६ वरून १३० वर गेला, जवळजवळ तिप्पट. आमचे सिव्हिलचे मित्र उंची-उंची करतात, पण खरा घोटाळा रुंदीत आहे. यावरून गाडीला किती हवं याचाही अंदाज येतो. भरलेल्या गाडीत १३५ चा ठोकळा सरकत असेल तर असा हंप ५ मिमीने सुटेल, तोही अगदी सावकाश गेलात तर. वेगात पुढची चाकं उतरताना स्प्रिंग दबते आणि तेवढ्यात ते ५ मिमी संपतात.

घासल्याने रंग जातो, बाकी काही नाही, असं समजू नका. बऱ्याच गाड्यांचं चेंबर ऍल्युमिनियमचं असतं. पत्र्याला पोचा पडतो, ऍल्युमिनियमला तडा जातो. आमच्या विंगमधल्या एकाच्या घरची सेडान अशीच गेली. कन्नडकडचं शेतकरी कुटुंब, जुनी गाडी घेऊन सहा महिने झाले होते. रात्री हंपवर दणका बसला, लाल ऑइलचा दिवा लागला, पण घर चार किलोमीटरवर होतं म्हणून तसेच गेले. बेअरिंगं गेली, क्रँक गेला, आणि इंजिनाच्या कामाचा अंदाज गाडीच्या किमतीपेक्षा जास्त निघाला. गाडी भंगारात गेली. तेव्हा जोराचा दणका बसला की पुढे जाऊन थांबा, खाली वाकून थेंब पडतोय का बघा. लाल दिवा लागला तर तिथेच इंजिन बंद. तो दिवा ऑइलची पातळी नाही, प्रेशर दाखवतो. प्रेशर नाही म्हणजे धातूवर धातू.

उंची वाढवणे म्हटलं की सगळे थेट स्पेसरवर उडी मारतात. माझं म्हणणं आहे की जुन्या गाडीत आधी हरवलेली उंची परत मिळवा, ती आपल्याच हक्काची आहे. डिकी रिकामी करा. सायलेन्सरचे रबरी हँगर सैल झाले असतील तर पाइप एक-दीड सेंमी लोंबतो, आणि हे रबर फार स्वस्त मिळतं. इंजिनाखालचं प्लास्टिक कव्हर एका स्क्रूवर लटकतंय का पाहा. मग स्प्रिंगा. दहा-पंधरा वर्षांत मागच्या स्प्रिंगा बसतात, आणि डिकीत सीएनजीची लोखंडी टाकी असेल तर पन्नास-साठ किलो कायमचेच पाहुणे आहेत. नव्या ओरिजिनल स्प्रिंगांची जोडी टाकली की बऱ्याच गाड्या पुन्हा ब्रोशरवर येतात. नेहमी जोडीनेच, एका बाजूची कधीच नाही. नुसते शॉकअप बदलून मात्र उंची वाढत नाही बरं का. वजन स्प्रिंग पेलते, शॉकअप फक्त डोलणं थांबवतो. खराब रस्त्यांच्या देशांसाठी कंपन्या स्वतःच उंच स्प्रिंगा देतात, स्कोडाचंही असं पॅकेज आहे. पार्ट नंबरने त्या मिळाल्या तर बाकी जुगाडापेक्षा केव्हाही चांगल्या.

टायर मोठे घालायचा मोह होतो. हिशेब करून बघा. १९५/६५ आर १५ चा व्यास ६३४.५ मिमी, २०५/६५ आर १५ चा ६४७.५. व्यास १३ ने वाढला, पण गाडी वर उचलली जाते त्याच्या निम्मी, साडेसहा मिमी. बदल्यात स्पीडोमीटर दोन टक्के कमी दाखवणार, आणि टायर स्ट्रटला किंवा मडगार्डच्या आतल्या लायनरला घासतो का ते स्टिअरिंग पूर्ण फिरवून बघावं लागणार.

आता स्पेसर. बाजारात दोन प्रकार दिसतात. एक, स्प्रिंगच्या वेटोळ्यांत अडकवायचं रबर किंवा सिलिकॉनचं बफर. दुसरा, स्ट्रटच्या वर किंवा स्प्रिंगच्या बुडाशी बसणारी ऍल्युमिनियम अथवा पॉलियुरेथेनची चकती. बफर मला पटत नाही. मशीन डिझाइनमधलं सूत्र सांगतं की स्प्रिंगचा कडकपणा चालू वेटोळ्यांच्या संख्येच्या व्यस्त प्रमाणात असतो. सहातलं एक वेटोळं जाम केलं तर उरले पाच, कडकपणा २० टक्के वाढला. गाडी उचलल्यासारखी वाटते, पण धक्के हाडापर्यंत येतात आणि बफरच्या कडेला तारेवर ताण एकवटतो. गॅसने स्प्रिंग तापवून ताणून देणारेही भेटतात. त्यांना लांबून नमस्कार करा, तापवलेल्या पोलादाचं टेंपर गेलं की ती स्प्रिंग महिन्याभरात पुन्हा बसते किंवा तुटते.

चकतीने स्प्रिंगचा कडकपणा बदलत नाही, पण बाकी भूमिती बदलते. पुढे मॅकफर्सन स्ट्रटवर २० मिमीची चकती ठेवली तर गाडी जवळपास २० मिमी वर येते, आणि चाक मात्र लोंबताना २० मिमी जास्त खाली जाऊ शकतं. तेव्हा सीव्ही जॉइंटचा कोन वाढतो, ब्रेकचा होज पाइप आणि एबीएसची वायर ताणली जाते. मागे स्प्रिंग आणि शॉकअप वेगळे असतील तर उलटं होतं. शॉकअपची लांबी तीच, म्हणून चाकाची खाली जायची जागा कमी होते आणि खड्ड्यात शॉकअप टोकाला जाऊन 'टक्' करतो. शिवाय मागची स्प्रिंग चाकाच्या पुढे, आर्मच्या ८० टक्क्यांवर बसलेली असेल तर २० ची चकती गाडी २५ ने उचलते. लिव्हरचा नियम!

गुरुत्वमध्यही वर जातो. ट्रॅक १.५ मीटर आणि गुरुत्वमध्याची उंची समजा ५५० मिमी धरली तर ट्रॅकच्या निम्म्याला उंचीने भागून १.३६ येतात, २० मिमी वाढवल्यावर १.३२. हाच भागाकार अमेरिकेत गाडी उलटण्याचा धोका ठरवताना वापरतात. फरक छोटा आहे, पण घाटातल्या वळणावर तो उपयोगाचा नाही, नुकसानीचाच आहे. त्यामुळे १५, फार तर २० मिमी, त्यापुढे नाही. आणि कायदा: मोटार वाहन कायद्याचं कलम ५२ कंपनीच्या मूळ स्पेसिफिकेशनपासून फारकत घेणारा बदल करू देत नाही, जानेवारी २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयानेही हेच ठासून सांगितलं. ओरिजिनल स्प्रिंगांना हा प्रश्न येत नाही, चकतीला येऊ शकतो, आणि अपघात झाला तर इन्शुरन्सवाला खाली वाकून बघणार हे नक्की. म्हणूनही माझं मत आधी स्प्रिंगांच्या बाजूने.

हे काम होस्टेलच्या पार्किंगमध्ये करू नका. मागची टायरं, हँगर, मापं हे ठीक आहे. पण स्ट्रट सोडायचा म्हणजे दाबलेली स्प्रिंग कॉम्प्रेसरमध्ये धरून ठेवायची, आणि तिच्यात कित्येक शे किलोचा जोर भरलेला असतो. ती सुटली तर समोर उभ्या माणसाचं काय होईल ते लिहायला नको. आणि डिकीतला जॅक स्टेपनी बदलण्यापुरता आहे. गाडीखाली जायचं तर घोडी, म्हणजे जॅकस्टँड, हवीच, तीही कडक जमिनीवर. विटा रचून कोणी गाडीखाली झोपलेला दिसला तर आधी त्याला पाय धरून बाहेर ओढा, मग भांडा.

गॅरेजवाल्याने काम संपलं म्हटल्यावर तुम्ही तिथेच थांबा. चाकं हवेत लोंबत असताना स्टिअरिंग एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत फिरवून ब्रेकचे पाइप आणि वायर बघा. वरच्या नटांतून बोल्टचे आटे पूर्ण बाहेर आलेत का बघा, चकती जाड आणि बोल्ट जुनाच असेल तर नट अर्ध्याच आट्यांवर बसतो. लोअर आर्मच्या रबर बुशचे बोल्ट गाडी चाकांवर उभी असताना शेवटचे आवळायचे, हवेत आवळले तर बुश कायम पीळ पडलेलं राहतं आणि लवकर फाटतं. मग व्हील अलाइनमेंट, कारण उंची बदलली की टो आणि कॅम्बर बदलतो आणि टायरं आतून खाल्ली जातात. हेडलाइटचा झोतही भिंतीवर तपासून घ्या. पाचशे किलोमीटरनंतर सगळे बोल्ट पुन्हा एकदा पान्याने बघा, आणि त्याच फरशीवर, त्याच ठोकळ्यांनी, पाच जण बसवून पुन्हा मोजा. दुसऱ्यांदा चहाचा खर्च गाडीच्या मालकाने करावा.