मतदार यादीत नाव नाही, दाद कुठे?

प्रश्न : दूध संस्थेच्या प्रारूप मतदार यादीतून बारा सभासदांची नावे गायब आहेत. थेट उच्च न्यायालयात जावे का?

उत्तर : बहुतेकांचा पहिला विचार हाच असतो आणि बहुतेकदा तो चुकतो. २००१ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात, श्री संत सद्‌गुरू जनार्दन स्वामी दूध उत्पादक संस्थेच्या खटल्यात, सर्वोच्च न्यायालयाने यादी तयार करणे हा निवडणूक प्रक्रियेचाच टप्पा मानला. प्रक्रिया सुरू झाल्यावर उच्च न्यायालयाने सहसा हात घालू नये. आक्षेप असेल त्याने निकालानंतर निवडणूक विवाद दाखल करावा, असा न्यायालयाचा रोख.

अपवाद आहे, पण अरुंद. तत्कालीन अहमदनगर जिल्ह्यातील एका संघाच्या नंतरच्या प्रकरणात यादीच अस्तित्वात नसलेल्या नियमांवर बेतलेली होती. तिथे हस्तक्षेपाला वाव मानला गेला. नाव राहून जाणे आणि नियमच नसणे, यांत फरक आहे.

म्हणून खरी लढाई प्रारूप यादीवरील हरकतीच्या मुदतीत असते. सभासदत्वाचा ठराव, भागाची पावती आणि 'आय' नमुन्यातील सभासद नोंदवहीचा उतारा हरकतीच्या अर्जाला जोडावा. तोंडी सांगून काम होत नाही. गावात सचिव 'बघतो' म्हणतो आणि अंतिम यादी लागते!

अर्ज फेटाळला, तरी निवडणुकीच्या निकालानंतर सहकार न्यायालयात महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम ९१ खाली दाद मागता येते. त्यासाठी निकाल जाहीर झाल्यापासून दोनच महिने मिळतात. त्यामुळे हरकतीच्या अर्जाची शिक्का मारलेली पोच आजच जपून ठेवावी.