पिता व बालकाची वाढ

बालसंगोपन हे केवळ मातेचे काम, अशी आपल्याकडे समजूत आहे; मूल रडू लागताच कित्येक बाप पारावर जाऊन बसतात! परंतु फिलिपाईन्समधील सेबू येथील 624 पुरुषांची पाहणी 2011 साली प्रसिद्ध झाली. तीत पिता झालेल्यांच्या शरीरातील टेस्टोस्टेरॉन हा अंतःस्राव घटलेला आढळला. रोज तीन तासांहून अधिक मुलास सांभाळणाऱ्यांत तो आणखी कमी होता. म्हणजे संगोपनासाठी पित्याचे शरीरही पालटते. तो मुलाशी जे बोलतो, त्याने मुलाची भाषा वाढते.

औरंगाबादेत 1950 साली महाविद्यालय उघडणाऱ्या डॉ. आंबेडकरांचे वडील रामजी सुभेदार रात्री दोन वाजता मुलाला अभ्यासास जागे करीत. पुस्तकास पैसे नसले, तर सासरी गेलेल्या लेकीचा दागिना मागून आणून गहाण ठेवीत.